भिवंडीची ‘भविंडी’ का व्हायची?

२००० नंतरच्या सात-आठ वर्षांत ज्यांनी संगणकावर मराठी वाचायची धडपड केली आहे, त्यांना ‘भविंडी’ नावाचं गाव नक्की माहीत असणार. तसंच ‘नविडणूक’ आणि ‘करिण’. म्हणजे भिवंडी, निवडणूक आणि किरण. लिहिणाऱ्याने अगदी बरोबर लिहिलेलं असायचं, फॉन्टही मशीनवर असायचा, पण पडद्यावर पहिली वेलांटी आपलं अक्षर सोडून शेजाऱ्याच्या गळ्यात पडलेली दिसायची. आम्हा भिवंडीकरांना तर हे रोजचंच, कारण गावाच्या नावात पहिल्याच अक्षराला वेलांटी! शेजारचं ठाणं यातून सहीसलामत सुटायचं. (कल्याणचा मात्र पाय मोडायचा, ‘कल्‌याण’ असा.)

याचं कारण एका फाइलीत दडलेलं होतं. तिचं नाव यूएसपी१०.डीएलएल. यूएसपी म्हणजे युनिकोड स्क्रिप्ट प्रोसेसर. आज या फाइलीबद्दल आणि तिच्या एकूण जातकुळीबद्दल लिहायचं आहे. नातेवाईक मंडळींनी पान मिटू नये, कारण शेवटी विषय आपल्या कुलवृत्तांतापर्यंत येणार आहे.

बहुतेकांची डीएलएल या प्राण्याशी ओळख झाली ती एका चौकटीतून. एखादा प्रोग्रॅम उघडायला जावं आणि समोर पाटी यावी की अमुक डीएलएल फाइल सापडली नाही, म्हणून हा प्रोग्रॅम सुरू होऊ शकत नाही. खाली फक्त ‘ओके’ असं एकच बटण. काहीच ओके नसताना ओके म्हणायला लावणारी ही चौकट मला नेहमीच उद्धट वाटत आली आहे.

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. लागेल तेव्हा जोडली जाणारी लायब्ररी. आता लायब्ररी म्हटलं की आपल्याला कपाटं, पुस्तकं आणि ‘शांतता राखा’ आठवतं. पण ही उपमा इथे फारशी चालत नाही. वाचनालयातलं पुस्तक एका वेळी एकानेच घरी न्यायचं असतं, इथे एकच फाइल एकाच वेळी दहा प्रोग्रॅम वापरत असतात. त्यापेक्षा आपल्या गावातलं सायझिंग डोळ्यांसमोर आणा.

भिवंडीबाहेरच्यांसाठी थोडं सविस्तर सांगतो. कापड विणायचं म्हणजे उभे धागे, ताणा, आणि आडवे धागे, बाणा. मागावर ताण्याच्या धाग्यांना सारखे झटके बसतात, घासण होते. नुसतं सूत चढवलं तर त्याला कूस येते आणि धागे पटापट तुटतात. म्हणून ताण्याच्या सुताला आधी गरम खळ लावतात, वाळवतात आणि मोठ्या रिळासारख्या बीमवर गुंडाळतात. हे काम म्हणजे सायझिंग. त्याला बॉयलर लागतो, वाळवायचे मोठाले सिलिंडर लागतात, जाणकार माणूस लागतो. ज्याच्याकडे बारा-चोवीस माग आहेत त्याला हे सगळं स्वतःपुरतं बसवणं परवडत नाही. तो आपलं सूत सायझिंगला देतो आणि तयार बीम टेम्पोतून घेऊन येतो. एका सायझिंगवर कितीतरी कारखाने चालतात. कारखान्यात माग आहेत, कारागीर आहेत, पण सायझिंग नाही. ते गावात एका जागी आहे आणि त्याचा पत्ता प्रत्येकाला माहीत आहे.

प्रोग्रॅमचंही तसंच. खिडकी उघडणं, मेनू दाखवणं, अक्षर काढणं, छपाईला पाठवणं, ही कामं सगळ्याच प्रोग्रॅमना करायची असतात. प्रत्येकाने ती स्वतःच्या पोटात बाळगायची, की एका सामायिक फाइलीत ठेवून प्रत्येकाने फक्त तिचा पत्ता आणि कामाचं नाव लिहून ठेवायचं? दुसरा मार्ग म्हणजे डीएलएल. प्रोग्रॅम सुरू होताना विंडोज त्याची यादी वाचते, यादीतल्या फाइली शोधते (आधी प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फोल्डरात, मग विंडोजच्या सिस्टिम फोल्डरात, मग इतरत्र) आणि जोडून देते. यादीतली एक जरी सापडली नाही तरी ती उद्धट चौकट.

कल्पना विंडोजच्याही खूप आधीची. केंब्रिजला १९४९ मध्ये एडसॅक नावाचा संगणक चालू झाला. मॉरिस विल्क्स, डेव्हिड व्हीलर आणि स्टॅन्ली गिल यांच्या लक्षात आलं की वर्गमूळ काढणं, आकडे छापणं असली कामं प्रत्येक जण पुन्हा पुन्हा लिहितो आणि पुन्हा पुन्हा चुकतो. म्हणून त्यांनी तपासून पक्के केलेले तुकडे कागदी पट्टीवर भोकं पाडून कपाटात ठेवले. ज्याला हवं त्याने काढावं आणि त्याची नक्कल आपल्या पट्टीत घ्यावी. इथे मात्र लायब्ररी हा शब्द कपाटासकट लागू होता! पण ती नक्कल होती. दहा जणांनी घेतली तर दहा नकला. मूळ तुकडा एकच ठेवून चालू असताना त्याला जोडून घ्यायचं, ही युक्ती १९६० च्या दशकात मल्टिक्स या प्रणालीने दाखवली.

नोव्हेंबर १९८५ मध्ये विंडोजची पहिली आवृत्ती आली तेव्हा तिची मागणी होती किमान २५६ किलोबाइट मेमरीची. आज मोबाइलवर येणारा ‘सुप्रभात’चा एक फोटो याहून मोठा असतो. एवढ्या जागेत दोन-तीन प्रोग्रॅम एकदम उघडे ठेवायचे म्हणजे काटकसर हाच धर्म. म्हणून विंडोज स्वतःच सामायिक लायब्ऱ्यांच्या रूपात लिहिली गेली: कर्नल, यूजर आणि जीडीआय. मेमरीत एक प्रत, वापरणारे अनेक. (जाता जाता: कुठलीही डीएलएल नोटपॅडमध्ये उघडलीत तर अगदी सुरुवातीला रोमन लिपीतली ‘एम’ आणि ‘झेड’ ही दोन अक्षरं दिसतात. ती मार्क झ्बिकोव्स्की या डॉसच्या काळातल्या मायक्रोसॉफ्टच्या अभियंत्याची आद्याक्षरं. कोट्यवधी फाइलींवर आपली सही सोडून गेलेला दुसरा माणूस मला माहीत नाही.)

आता सायझिंगचा दुसरा गुण. खळ पातळ झाली तर एकाचा माग बंद पडत नाही, ज्याच्या ज्याच्याकडे तिथला बीम गेला त्या सगळ्यांचे धागे तुटायला लागतात. आणि समजा एका मोठ्या शेठने सांगितलं की माझ्या कापडाला वेगळी खळ हवी, आणि सायझिंगवाल्याने सगळ्यांचीच खळ बदलली, तर? त्या शेठचं कापड झकास, बाकी गल्लीत बोंबाबोंब.

१९९० च्या दशकात विंडोजवर नेमकं हेच चाललं होतं. नव्या प्रोग्रॅमची सीडी घातली की तो आपल्याला लागणाऱ्या सामायिक फाइली सिस्टिम फोल्डरात टाकायचा. नियम असा की आधीची फाइल आपल्यापेक्षा नवी असेल तर तिला हात लावू नये. पाळणारे पाळत, न पाळणारे जुनी फाइल नव्यावर आपटून मोकळे होत. एमएफसी४२, कॉमसीटीएल३२, एमएसव्हीसीआरटी ही त्या रणांगणावरची नेहमीची नावं. आणि नवी फाइल म्हणजे चांगली असंही नाही. जुन्यातल्या एखाद्या खोडीवरच कुणाचा तरी प्रोग्रॅम नकळत उभा असायचा. खोड दुरुस्त झाली की तो कोसळायचा. या प्रकाराला इंग्रजीत लोकांनी ‘डीएलएल हेल’ म्हणायला सुरुवात केली. हेल म्हणजे नरक. नाव शोभणारंच होतं.

भिवंडीतल्या छोट्या ऑफिसांमध्ये त्या काळी कारखान्याचे हिशेब ठेवायला व्हिज्युअल बेसिकमध्ये लिहिलेले प्रोग्रॅम असत. गावातल्याच कुणा मुलाने लिहिलेले. किती बीम आले, किती ताके निघाले, मीटर किती, कारागिराला खर्ची किती दिली. मूळ प्रोग्रॅम चिमुकला, पण तो एमएसव्हीबीव्हीएम६० या डीएलएलशिवाय हलत नसे, आणि ही एकटी फाइल सुमारे १.३ मेगाबाइट. म्हणजे १.४४ च्या फ्लॉपीत जेमतेम मावणारी. तिच्यासाठी एक वेगळी फ्लॉपी, आणि ती बरोबर शेवटच्या क्षणी खराब निघणार.

मी पाहिलेला एक प्रसंग नमुन्यादाखल सांगतो. एका ओळखीच्या ऑफिसात नवा स्कॅनर आणला. स्कॅनर मस्त चालला. दुसऱ्या दिवशी हिशेबाचा प्रोग्रॅम उघडेना. शेठचं म्हणणं, स्कॅनरचा आणि हिशेबाचा काय संबंध? वरवर पाहता बरोबरच होतं. स्कॅनरच्या सीडीने एक सामायिक फाइल जुन्या आवृत्तीने झाकली होती, एवढाच संबंध. मग तो स्कॅनरचा प्रोग्रॅम काढून टाकला. काढताना विंडोजने विचारलं, ही सामायिक फाइल आता कुणी वापरत नाही असं दिसतं, काढून टाकू का? आमच्या ऑपरेटरने ‘सगळ्यांना हो’ म्हटलं. त्यानंतर हिशेबाबरोबर आणखी दोन प्रोग्रॅम बसले. विंडोज प्रत्येक सामायिक फाइलीपुढे तिचे वापरकर्ते किती याचा आकडा ठेवते, पण प्रोग्रॅम बसवणारेच तो आकडा वाढवायला विसरले तर तिने काय करावं? शेवटी शेजारच्या मशीनवरून फ्लॉपीत फाइल आणली आणि गाडी रुळावर आली. त्या काळी अशा फ्लॉप्या दळणाच्या डब्यासारख्या या घरातून त्या घरात फिरत असत. पुढे लोक सायबर कॅफेतून कुठल्याही संकेतस्थळावरून डीएलएल उतरवून घेऊ लागले आणि फाइलीबरोबर व्हायरसही घरी येऊ लागले, पण ती वेगळी पुराणकथा.

मायक्रोसॉफ्टने उपाय केले. २००० सालच्या विंडोज २००० मध्ये सिस्टिमच्या महत्त्वाच्या फाइलींवर पहारा बसला. कुणी बदलली की विंडोज गुपचूप आपल्याकडची मूळ प्रत परत ठेवते. २००१ च्या एक्सपीमध्ये एकाच लायब्ररीच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवायची सोय आली, ज्याला जी हवी ती त्याने घ्यावी. लिनक्सवाल्यांनी हा शहाणपणा आधीच केला होता, त्यांच्याकडे आवृत्तीचा आकडा फाइलीच्या नावातच असतो. (तरी त्यांचे घोळ संपले आहेत असं कुणी म्हणू नये.)

एवढं सगळं सांगितलं ते मराठीसाठी. कारण आपल्या लिपीच्या बाबतीत ही सामायिक फाइल म्हणजे नुसती जागेची बचत नव्हती.

‘कार्तिकी’ हा शब्द घ्या. युनिकोडमध्ये तो साठवला जातो बोलण्याच्या क्रमाने: क, काना, र, हलन्त, त, ऱ्हस्व वेलांटी, क, दीर्घ वेलांटी. आता तो कागदावर काढून पाहा. ऱ्हस्व वेलांटी त च्या आधी येते. त्याच्याही आधी उच्चारला जाणारा र उडी मारून त च्या डोक्यावर रफार होऊन बसतो. साठवायचा क्रम एक आणि दिसायचा क्रम दुसरा. जोडाक्षरं आली की आणखी भर: कोणाचं अर्धं रूप घ्यायचं, कोणाला खाली लटकवायचं, क्ष आणि ज्ञ सारख्यांना वेगळंच रूप द्यायचं. पहिलीत बाईंनी पट्टी दाखवून शिकवलेलं हे ज्ञान संगणकात कुठेतरी लिहून ठेवावं लागतं. प्रश्न एवढाच की कुठे?

१९८० आणि ९० च्या दशकात त्याची उत्तरं वेगवेगळी होती. सी-डॅकने जिस्ट तंत्रज्ञानात हे ज्ञान आधी एका कार्डावर बसवलं, पुढे सॉफ्टवेअरमध्ये आणलं. भारतीय लिप्यांसाठी इस्की ही प्रमाण संकेतपद्धती होती, १९९१ मध्ये ती भारतीय मानक म्हणून आली, आणि युनिकोडने आपली देवनागरी बेतली ती इस्कीच्याच १९८८ च्या रूपावर. पण डीटीपीच्या दुकानात राज्य होतं श्रीलिपी, आकृती आणि त्यांच्या भाईबंदांचं. त्यांचे फॉन्ट म्हणजे एक हुशार सोंग होतं. संगणकाला वाटायचं की हा रोमन मजकूर आहे, फक्त ए च्या जागी चित्र वेगळ्याच कशाचं तरी. अर्धा स वेगळी कळ, रफार वेगळी कळ, वेलांटी आधी टाईप करायची. देवनागरीचं ज्ञान त्या कंपनीच्या कळफलकाच्या प्रोग्रॅमात, फॉन्टमध्ये आणि ऑपरेटरच्या बोटांत विभागलेलं. प्रत्येक कंपनीचं कोष्टक निराळं. एकाचा ‘स्था’ दुसऱ्याच्या फॉन्टमध्ये भलताच काहीतरी.

म्हणजे प्रत्येकाने आपापल्या कारखान्यात वेगळं सायझिंग बसवलं होतं आणि कुणाचा बीम कुणाच्या मागावर चढत नव्हता. त्यांना नावं ठेवायचा माझा अजिबात हेतू नाही. त्या काळात दुसरा मार्गच नव्हता, आणि महाराष्ट्रातल्या लग्नपत्रिका, स्मरणिका, साप्ताहिकं त्यांच्याच जिवावर निघाली.

भिवंडीत याचं दुहेरी दर्शन व्हायचं. इथल्या डीटीपीच्या दुकानात एकाच मशीनवर मराठी पत्रिका आणि उर्दू दावतनामा दोन्ही निघतात. उर्दूसाठी १९९४ मध्ये आलेलं इनपेज. नस्तालीक लिपी म्हणजे देवनागरीहूनही नाठाळ. शब्द उजवीकडून डावीकडे उतरंडीने घसरत येतो, अक्षर शेजाऱ्याप्रमाणे रूप बदलतं. त्यावर उपाय म्हणून मिर्झा अहमद जमील यांनी वीस हजारांच्या आसपास जोडरूपं हाताने लिहून काढली होती, ती नूरी नस्तालीक म्हणून १९८१ मध्ये आली आणि इनपेजने तीच वापरली. एका खुर्चीत बसून मराठीचं एक गुपित आणि उर्दूचं दुसरं गुपित सांभाळणारे ऑपरेटर मी पाहिले आहेत. विंडोजला स्वतःला दोन्ही भाषा येत नव्हत्या.

त्या आल्या यूएसपी१० मुळे. इंटरनेट एक्सप्लोरर ५ आणि विंडोज २००० यांच्याबरोबर ही लायब्ररी बाहेर पडली. तिने अरबी-उर्दूची अक्षरं जोडली आणि देवनागरीच्या वेलांट्या योग्य जागी बसवल्या. सोबत मंगल हा फॉन्ट होता, आपल्या र. कृ. जोशींनी केलेला. फॉन्टात अक्षरांची चित्रं होती, पण कुठलं चित्र केव्हा आणि कुठे, याचा निवाडा लायब्ररी करायची. एका फटक्यात नोटपॅड, वर्ड, ब्राउझर, इतकंच काय, फाइलींची नावंसुद्धा मराठीत होऊ शकली. नोटपॅड लिहिणाऱ्याला मराठीचा म सुद्धा माहीत असायची गरज उरली नाही. मराठी विकिपीडिया १ मे २००३ ला सुरू झाला, मनोगत २००४ मध्ये आलं, मागोमाग आपल्यासारख्यांच्या अनुदिन्या आल्या, आणि हे सगळं त्या एका फाइलीच्या पाठीवर बसून आलं. आपण तिच्यावर एक लेखही लिहिला नव्हता, म्हणून आज हा उशिराचा नारळ.

मग भविंडी का? एक्सपीमध्ये फाइल होती, पण आपल्याकडच्या नेहमीच्या इंग्रजी एक्सपीत संकुल लिप्यांची सोय बंद ठेवलेली असे. कंट्रोल पॅनेलमध्ये जाऊन भाषांच्या पानावर एका चौकोनात खूण करायची, मग विंडोज मूळ सीडी मागणार. लॅमिंग्टन रोडवरून जोडून आणलेल्या मशीनबरोबर मूळ सीडी? हसू नका. कुणाच्या तरी डी ड्राइव्हवर आय३८६ नावाचं फोल्डर असेल तर नशीब. ती खूण नसेल तर इंटरनेट एक्सप्लोररमध्ये मराठी नीट दिसे, कारण तो स्वतः थेट यूएसपी१० ला हाक मारायचा. फायरफॉक्स मात्र विंडोजच्या नेहमीच्या अक्षर काढण्याच्या सोयीवर विसंबून असायचा, म्हणून त्यात वेलांटी घरंगळायची. मराठी वाचायचं तर हे, बाकीच्याला ते, असे दोन ब्राउझर बाळगणारे आपल्यात कितीतरी होते. जून २००८ मध्ये फायरफॉक्स ३ आला आणि भिवंडी जागेवर आली.

आणखी एक गंमत. ऑफिस एक्सपी आपली स्वतःची, जास्त नवी यूएसपी१० घेऊन आलं आणि स्वतःच्या फोल्डरात ठेवून वापरू लागलं. त्यामुळे वर्डमध्ये जोडाक्षर सुबक आणि नोटपॅडमध्ये तेच ओबडधोबड. लोक म्हणाले, सोपं आहे, ऑफिसवाली फाइल उचलू आणि सिस्टिममध्ये टाकू. टाकली. आणि दोन सेकंदांत पहारेकऱ्याने जुनी परत आणून ठेवली! डीएलएलच्या नरकातून वाचवायला नेमलेला तो पहारेकरी आता आपली मराठी सुधारू देईना. मग सेफ मोड, मग त्याच्याकडची राखीव प्रतही बदलणं, असे उद्योग तमिळ, बंगाली, मल्याळी मंडळींनी केले आणि आपणही केले.

पेजमेकरने मात्र या सामायिक फाइलीला कधीच हाक मारली नाही. त्याची ७.० ही आवृत्ती २००१ मध्ये आली आणि तीच शेवटची ठरली. डीटीपीची दुकानं त्याच्यावर उभी होती, म्हणून ती जुन्या सोंगाड्या फॉन्टांवरच थांबली. अडोबीच्या इनडिझाइनमध्ये मराठीची अधिकृत सोय आली ती २०१२ मध्ये, सीएस६ मध्ये. तोवर एक अख्खी पिढी जुन्या कळफलकावर तयार झाली होती, आणि तिची कपाटं जुन्या फाइलींनी भरली होती.

तर आता कुलवृत्तांत. १९९७ मध्ये काकांनी गावोगाव फिरून, पत्रं पाठवून, वंशावळी आणि आठवणी जमवल्या आणि एका डीटीपीवाल्याकडे बसून दोन खंड टाईप करून घेतले. पहिला छापला, दुसरा राहिला. दुसऱ्याची फाइल मात्र सीडीवर उतरवलेली होती आणि ती सीडी अजून वाचता येते. गेल्या वर्षी फाइल उघडली. सगळी पानं जागच्या जागी, परिच्छेद, समास, पृष्ठांकसुद्धा. फक्त मराठी नाही. त्याऐवजी टोप्या घातलेली, टिंबं दिलेली युरोपीय अक्षरं, पानामागून पान. त्या फॉन्टचं सॉफ्टवेअर कुलूप लावलेलं होतं, म्हणजे मशीनच्या मागे एक डोंगल खोचल्याशिवाय ते चालत नसे. दुकान बंद झालं, डोंगल गेला. ज्या फाइलीत ‘कोणत्या आकड्याचं कोणतं अक्षर’ हे लिहिलेलं होतं ती त्या एकाच विकत घेतलेल्या पेटीत होती. काकांचं मराठी त्या पेटीबाहेर मराठी नव्हतंच.

यातून मार्ग निघाला, कारण पहिला खंड त्याच फॉन्टमध्ये होता आणि त्याची छापील प्रतही घरात आहे. फाइलीतलं चिन्ह आणि छापलेलं अक्षर शेजारी ठेवून कोष्टक बनवलं. साधी अक्षरं दोन संध्याकाळी झाली. रफार, श्र, ट्र आणि मोडक्या जोडाक्षरांना तीन आठवडे. आता दुसरा खंड युनिकोडमध्ये आहे आणि मोबाइलवरसुद्धा उघडतो.

मोबाइलवर तो कोण दाखवतं? यूएसपी१० नव्हे. (ती आजही विंडोजच्या सिस्टिम३२ फोल्डरात आहे, पण कामाचा बराचसा भार २००९ पासून डायरेक्टराइट नावाच्या दुसऱ्या लायब्ररीकडे गेला.) अँड्रॉइड, क्रोम, फायरफॉक्स, लिब्रेऑफिस हे सगळे हार्फबझ या मुक्त लायब्ररीवर चालतात. नाव फारसी: हर्फ म्हणजे अक्षर, बाज म्हणजे उघडं. आमच्या गल्लीत हे नाव समजावून सांगावं लागत नाही. बेहदाद एस्फहबोद हा मूळचा इराणी प्रोग्रॅमर तिचा मुख्य कर्ता. २०१२ मध्ये त्याने सात लाखांहून जास्त देवनागरी शब्द घेऊन आपल्या लायब्ररीचं उत्तर विंडोजच्या लायब्ररीच्या उत्तराशी ताडून पाहिलं आणि फरक अगदी किरकोळ उरेपर्यंत दुरुस्त्या केल्या. एका बंद सायझिंगची खळ चाखून तिची कृती गावाला फुकट वाटून टाकावी, तसं काहीसं.

उलट दिशेचा प्रवासही चालू आहे. डिस्क स्वस्त झाली, तसे प्रोग्रॅम पुन्हा आपापलं सायझिंग घरीच बसवू लागले. सामायिक फाइलीच्या भरवशावर राहायचंच नाही, लागेल ती प्रत पोटात घेऊन यायचं. भांडणं मिटली हे खरं. पण सप्टेंबर २००४ मध्ये चित्रं दाखवणाऱ्या जीडीआयप्लस या डीएलएलमध्ये एक भोक सापडलं, नुसतं चित्र बघून मशीन ताब्यात जाईल असं. मायक्रोसॉफ्टने विंडोजमधली प्रत बुजवली, आणि मग कळलं की कितीतरी प्रोग्रॅम तिची स्वतःची प्रत घेऊन बसले आहेत. त्या शोधत फिरायला वेगळं अवजार काढावं लागलं. सप्टेंबर २०२३ मध्ये लिबवेबपी या लायब्ररीत पुन्हा तसंच, फक्त या खेपेला प्रती आणखी जास्त ठिकाणी. सायझिंग एक असतं तर खळ एकदाच बदलावी लागली असती. मला विचाराल तर अजूनही मी गावच्या सायझिंगच्याच बाजूचा, निदान लिपीच्या बाबतीत. चित्रांचं ज्याने त्याने बघावं.

दुसऱ्या खंडाचं एक काम अजून बाकी आहे. आपली काही घराणी कऱ्हाडची. ‘कऱ्हाड’ मधला तो नाजूक र युनिकोडमध्ये दोन प्रकारे लिहिता येतो: नुक्ता दिलेला र आणि हलन्त, किंवा साधा र, हलन्त आणि त्यापुढे एक अदृश्य जोडखूण. लायब्ररी दोन्ही हुबेहूब सारखेच काढते, त्यामुळे डोळ्याला फरक दिसत नाही. पण शोध घेतला की एकच प्रकार सापडतो. माझ्या कोष्टकातून आलेले एका प्रकारचे आहेत आणि चुलत भावंडांनी नंतर टाईप करून पाठवलेल्या पुरवण्यांमधले दुसऱ्या. ते एकसारखे करणं चालू आहे. दरम्यान ज्यांच्याकडे त्या काळच्या फ्लॉप्या, सीडी किंवा काकांनी तपासायला पाठवलेले दुसऱ्या खंडाचे कच्चे छापील कागद असतील त्यांनी ते टाकू नयेत, कळवावं. वंशावळीच्या तक्त्यातली शेवटची चार पानं मला अजून लागलेली नाहीत. ती दुसऱ्याच कुठल्या तरी फॉन्टमध्ये आहेत.